कोल भिल्लाचे युग : चांद्याच्या एका आख्यायिकेची कालगणना

चांद्याच्या गोंड राजघराण्याची पूर्वकथा मेजर ल्यूसी स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याने १८६९ च्या जमाबंदी-अहवालात नमूद केली. इतिहासाचे साधन म्हणून ती वापरावयाची आणि साधन म्हणून कच्ची ठरताच बाजूस सारावयाची, हा प्रघात सोयीचा असला तरी कथेवर अन्याय करणारा आहे. एका कल्पित जगातील युगांतराची कथा म्हणून तिचे परीक्षण केल्यास तिच्यातील रचना अधिक स्पष्ट होते.

कथा थोडक्यात अशी. गोंड लोक विखुरलेले होते आणि मुलखावर माना सरदारांची सत्ता होती. अशा वेळी कोल भिल्ल नावाचा बलवान व शहाणा पुरुष उदयास आला. त्याने विखुरलेल्या टोळ्या एकत्र आणल्या, दगडातून लोखंड काढण्याची विद्या त्यांना शिकविली आणि मानांविरुद्ध उठविले. दीर्घ संघर्षानंतर सुरजागड, माणिकगड, वैरागड हे किल्ले पडले. मग भीम बल्लाळसिंग हा पहिला राजा वर्धेच्या काठी सिरपूर येथे राज्य करू लागला.

या कथेतील दोन गोष्टी विचारात घेण्याजोग्या आहेत. पहिली नावाची. गोंडांना एकत्र आणणाऱ्या पुरुषाच्या नावात गोंड हा शब्दच नाही; कोल आणि भिल्ल या दोन अन्य जमातींची नावे जोडून ते बनले आहे. हे नाव व्यक्तीचे नसून अरण्यवासी समाजाच्या एकत्र येण्याचेच असावे, असा तर्क करण्यास जागा आहे. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची. लोखंड शिकविणारा राजा होत नाही. विद्या एकाकडे आणि सिंहासन दुसऱ्याकडे, अशी विभागणी कथाकाराने केली आहे. व्हेरियर एल्विनने १९४२ च्या आपल्या ग्रंथात अगरिया लोहकारांची जी कथा दिली आहे, तिच्यात लोगुंडी राजाचे लोहनगर सूर्याच्या कोपाने नष्ट होते. तेथे लोखंड हे गमावलेल्या वैभवाचे चिन्ह आहे. चांद्याच्या कथेत तेच लोखंड राज्याचा आरंभ करते. लोहारा, देवळगाव येथील खनिज ज्यांच्या परिचयाचे आहे, त्यांना या कल्पनेचे मूळ शोधण्यासाठी दूर जावे लागणार नाही.

ल्यूसी स्मिथने या कथेला सनावळी जोडली, आणि येथूनच घोटाळा सुरू झाला. भीम बल्लाळसिंगाचा काळ इ. स. ८७० च्या सुमारास धरून १७५१ मध्ये भोसल्यांच्या हाती राज्य जाईपर्यंत त्याने १९ राजांची मालिका लावली. ८८१ वर्षांत १९ राजे, म्हणजे प्रत्येकी सरासरी ४६ वर्षे! एखादा राजा इतकी वर्षे टिकू शकतो; ओळीने एकोणीस टिकणे अशक्यप्राय होय. अबुल फजलच्या 'आइन-इ-अकबरी'त चांद्याच्या गोंड राजाचे एक हजार घोडदळ व चाळीस हजार पायदळ नोंदलेले आहे, तेथे पाय ठेवण्यास जमीन लागते. त्यापूर्वीचा बराचसा भाग कथेचा आहे, आणि कथेला वर्षे नसतात.

नवे जग हेतुतः निर्माण करणाऱ्या लेखकाची गोष्ट निराळी. टॉल्किनने 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४-५५) च्या परिशिष्टांत आपल्या जगाच्या तिसऱ्या युगाचा अंत ३०२१ व्या वर्षी झाल्याचे निःशंकपणे सांगितले आहे. तो अधिकार त्याचा आहे, कारण त्या वर्षाला दुसरा साक्षीदारच नाही. लोककथेचा कर्ता एक नसतो. म्हणून तिचा काळ आकड्यांनी मोजता येत नाही, तो घटनांनी मोजावा लागतो: लोखंडापूर्वीचा आणि लोखंडानंतरचा, नगरापूर्वीचा आणि नगरानंतरचा.

नगराचे युगांतर खांडक्या बल्लाळशहाच्या नावावर आहे. अंगभर गाठी असलेला राजा शहाण्या राणीच्या सल्ल्याने सिरपूर सोडून बल्लारपूरला येतो. शिकारीत तहानलेला असता झरपटीच्या कोरड्या पात्रातील पाणी पिऊन तो बरा होतो. पुढे अचलेश्वराचे मंदिर उभे राहते. कुत्र्याचा पाठलाग करणारा ससा दिसताच तेथे चंद्रपूर वसविण्याचे ठरते. सशाचा प्रसंग विजयनगर व अहमदाबाद यांच्याही स्थापनाकथांत आढळतो. तो फिरता अलंकार असून त्यावर फार वेळ घालविण्याचे कारण नाही. चांद्याचे वैशिष्ट्य राणीत आहे. कोल भिल्लाप्रमाणेच येथेही जाणणारी व्यक्ती एक आणि राज्य करणारी दुसरी. दोन्ही युगांतरांत सूत्र हेच राहते, आणि या कथेला रचना आहे असे म्हणण्यास हाच सर्वांत भक्कम आधार होय.

तिच्यातील उणीव मात्र झाकता येत नाही. माना पक्षाला या पाठात वाणीच नाही. ते येतात ते पराभूत होण्यासाठी. माना समाज आजही चंद्रपूर व गडचिरोली या जिल्ह्यांत आहे. चंद्रपूर आणि वैरागड यांना जोडणारी रेषा काढली तर ती मूलच्या जवळून जाते. कथेतील दोन सत्तांच्या मधला हा मुलूख. ल्यूसी स्मिथची कथा एका किल्ल्यावरून दुसऱ्या किल्ल्यावर उडी घेते आणि या मधल्या गावांना ओलांडून जाते. तेथील गोंड आणि माना वृद्धांकडून एकाच युद्धाचे दोन्ही पाठ शेजारी शेजारी टिपले गेले, तर कोल भिल्ल कोणाचा होता, या प्रश्नाचे उत्तर अहवालापेक्षा निराळे निघण्याचा संभव आहे.