हैदराबादची श्वेतपत्रिका आणि सुंदरलाल समितीचा अहवाल

हैदराबाद संस्थानावरील सप्टेंबर १९४८ च्या कारवाईविषयीं मराठींत जें लिहिलें जातें, त्यांतील बरेचसें एकाच विधानावर उभें असतें : रझाकारांचे अत्याचार असह्य झाले, म्हणून भारत सरकारास सैन्य धाडावें लागलें. हें विधान खोटें नव्हे. परंतु तें त्या कारवाईचें कायदेशीर समर्थन होतें काय, हा प्रश्न निराळा आहे. आणि कागदपत्रांवरून त्याचें उत्तर आम्हांस नकारार्थीं दिसतें.

भारत सरकारनें १९४८ सालीं प्रसिद्ध केलेल्या श्वेतपत्रिकेंत रझाकारांच्या कृत्यांची नोंद आहे, व जैसे थे कराराच्या भंगाचीही आहे. मात्र संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेपुढें भारतानें घेतलेली भूमिका वेगळीच होती. निजाम सरकारनें २१ ऑगस्ट १९४८ रोजीं सनदेच्या ३५ व्या कलमान्वयें तक्रार केली. सभासद नसलेल्या राष्ट्रासही या कलमान्वयें दाद मागतां येते. त्यावर भारताचे प्रतिनिधि रामस्वामी मुदलियार यांचें म्हणणें असें कीं, हैदराबाद हें राष्ट्रच नव्हे. तें मान्य केल्यास प्रश्न अंतर्गत ठरतो, आणि परिषदेस बोलण्यास जागा उरत नाहीं.

मानवतेच्या कारणावरून हस्तक्षेप केला असें म्हणावयाचें, तर समोरचा प्रदेश परका आहे हें आधीं मान्य करावें लागतें. शिवाय सनदेच्या दुसऱ्या कलमानें बळाच्या वापरास मनाई केली असून, आत्मसंरक्षण व परिषदेची आज्ञा हे दोनच अपवाद तींत आढळतात. पीडितांची सुटका हा तिसरा अपवाद तींत नाहीं. २००५ सालच्या जागतिक शिखर परिषदेनें पीडितांच्या संरक्षणाची जबाबदारी मान्य केली, पण बळाच्या उपायाची किल्ली सुरक्षा परिषदेच्याच हातीं ठेविली. म्हणून ‘पोलिस कारवाई’ हें नांव केवळ सौम्य शब्द नसून एक कायदेशीर युक्तिवाद आहे, असें आम्ही समजतों.

तो युक्तिवाद कितपत टिकतो? १९४७ च्या स्वातंत्र्याच्या कायद्याच्या ७ व्या कलमानें ब्रिटिशांचें अधिराज्य संपलें. त्यावरून हैदराबाद स्वतंत्र झालें, असा निजाम पक्षाचा दावा होता. परंतु २९ नोव्हेंबर १९४७ च्या करारान्वयें परराष्ट्रसंबंध, संरक्षण व दळणवळण पूर्वींप्रमाणेंच चालावयाचें होतें. स्वतःचे परराष्ट्रसंबंध न चालविणारें राज्य पूर्ण राष्ट्र म्हणतां येईल, असें आम्हांस वाटत नाहीं. तथापि त्याच करारांत अंतर्गत शांततेसाठीं सैन्य पाठविण्याचा हक्क भारतास मिळत नाहीं, असेंही लिहिलेलें आहे. आमच्या मतें भारताचा पक्ष अधिक सबळ होता; निर्विवाद नव्हता.

निवाडा झालाच नाहीं. १३ सप्टेंबरला सैन्य निघालें आणि लौकरच औरंगाबादेंत (आतांच्या छत्रपती संभाजीनगरांत) पोंचलें. १६ ला पॅरिस येथें परिषदेनें आठ विरुद्ध शून्य, तीन तटस्थ, अशा मतांनीं तक्रार विचारार्थ घेतली. १७ ला निजामानें युद्धबंदी पुकारली. २२ ला त्यानें तक्रार परत घेत असल्याची तार केली.

ज्यांस मानवतेचा आधार हवा आहे, त्यांनीं तो शेवटपर्यंत वाचावा. पंडित सुंदरलाल यांच्या समितीनें नोव्हेंबर-डिसेंबर १९४८ मध्यें संस्थानांत फिरून अहवाल दिला. कारवाईच्या वेळीं व नंतर मारल्या गेलेल्यांची संख्या, अगदीं जपून केलेल्या अंदाजानें, २७ ते ४० हजार असल्याचें त्यांत म्हटलें आहे. उस्मानाबाद (धाराशिव), गुलबर्गा, बिदर व नांदेड हे जिल्हे सर्वांत अधिक भाजले. औरंगाबाद, बीड, नलगोंडा व मेदक यांचें नुकसान त्याहून कमी. मृतांत बहुसंख्य मुसलमान होते. हा अहवाल कित्येक वर्षें अप्रकाशित राहिला. रझाकारांचे गुन्हे त्यानें पुसले जात नाहींत. पण मराठी लेखकानें श्वेतपत्रिका घ्यावी आणि अहवाल टाळावा, ही निवड इतिहासाची नव्हे.

संग्राहकांस एक विनंति. संस्थानचा कारभार उर्दूंत चाले. जिल्ह्याजिल्ह्यांतील घरांत त्या वर्षांचे अर्ज, पत्रें व रोजनिशा अद्याप असण्याचा संभव आहे. मोडी वाचणारे आमच्यांत पुष्कळ आहेत, शिकस्ता वाचणारे थोडे. म्हणून हे कागद निरुपयोगी समजून रद्दींत जातात. कोणास ते आढळल्यास, भाषा न कळतांही, तारीख व गांव टिपून त्यांनीं ते जपून ठेवावेत.