एकट्याचे पान : ‘इराणी’ या कवितेच्या निमित्ताने

जेवण म्हटले की मराठी मनाला पंगत आठवते. वाढप पुरे होईपर्यंत थांबावे, सर्वांचे आटोपल्यावाचून पानावरून उठू नये, हे पंगतीचे संकेत जेवणाला सामाजिक कृत्य मानतात. साहजिकच चारचौघांत एकट्याने जेवणे ही उणीव ठरते.

अरुण कोलटकर यांची ‘इराणी’ ही कविता या समजुतीला छेद देते. तिच्या मराठी व इंग्रजी या दोन्ही रूपांत इराणचा शहा आहे, काचेआडचा केक आहे. इंग्रजी रूपातील एकटा रिकामटेकडा टेबलावरचे चहाचे वर्तुळही अभ्यासकाच्या गांभीर्याने न्याहाळतो. येथे एकटेपण म्हणजे दुःख नव्हे. ती पाहण्याची जागा होय. मात्र केक कोणी खात नाही. कवीने या माणसाला दृष्टी दिली. भूक दिली नाही.

उपनगरांत प्रश्न भुकेचाच आहे. जोगेश्वरी-भांडुपपर्यंतचा प्रदेश १९५० मध्ये आणि दहिसर-मुलुंडपर्यंतचा १९५७ मध्ये बृहन्मुंबईत समाविष्ट झाला. वस्ती वाढली, तसे स्वयंपाकाची मुभा नसलेल्या खोल्यांतून राहणारेही वाढले. अंधेरी, बोरिवली, मुलुंड वा घाटकोपर येथील स्थानकाजवळच्या उडुपी उपाहारगृहात रात्री असा माणूस थाळी मागवतो. गर्दी असल्यास वेटर त्याच्यासमोर अनोळखी माणूस आणून बसवतो. दोघे बोलत नाहीत. पण एक जण आपला पेला सरकवून जागा करून देतो, दुसरा त्याच्या ताटाकडे पाहण्याचे टाळतो. उठताना कोणी कोणासाठी थांबत नाही. पंगतीचा संकेत मोडतो, तिची सभ्यता मात्र टिकते.

या निकषावर ‘इराणी’तील मोकळीक तपासली म्हणजे तिची मर्यादा ध्यानात येते. एका चहावर रेंगाळण्याची मुभा त्या पुरुषाला न मागता मिळालेली आहे. स्त्रियांसाठी जुन्या उपाहारगृहांनी ‘फॅमिली रूम’चा आडोसा केला, म्हणजे कुटुंबासह येणे हेच तिच्या येण्याचे समर्थन मानले. आज उपनगरात नोकरी करणारी स्त्री उघड्या टेबलाशी एकटी जेवते, तेव्हा तिला पाहण्याआधी पाहिले जाणे सोसावे लागते. कोलटकरांच्या माणसाला हे मोल द्यावे लागत नाही. त्यामुळे त्याचे एकटेपण खोटे ठरत नाही. परंतु ते सर्वांचे एकटेपण आहे, असे समीक्षेने मानू नये.