पाहुण्याची नजर

म्युनिकमध्ये 1876 साली जन्मलेला फ्रान्झ ओस्टेन मूळचा छायाचित्रकार. खरे आडनाव ओस्टरमायर. भाऊ पीटर याच्यासह त्याने 1907 च्या सुमारास फिरता सिनेमा चालवला, पुढे भावाच्याच एमेल्का कंपनीत मूकपट केले. त्या जर्मन चित्रपटांपैकी आज फारसे कोणी काही आठवत नाही, आणि त्यात मोठा अन्याय झाला असेही मला वाटत नाही. त्याचे नाव टिकले ते हिमांशु राय यांच्यामुळे.

राय यांच्यासोबत त्याने तीन मूकपट केले : ‘प्रेम संन्यास’ (1925), ‘शिराज’ (1928) आणि ‘प्रपंच पाश’ (1929). जर्मन मूकपट तेव्हा रंगवलेल्या सावल्या आणि वाकड्या भिंती यांसाठी गाजत होता. ओस्टेनने मात्र खरे राजवाडे, खरे ऊन आणि खरी गर्दी पसंत केली. ‘शिराज’मधील देहदंडाचा प्रसंग पाहावा. हत्तीचा पाय मस्तकाकडे येत राहतो; दिग्दर्शक घाई करीत नाही. शब्दावाचून भय कसे उभे करावे, हे या माणसाला नेमके कळले होते.

1934 मध्ये राय व देविकाराणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज उभारली. तिथे ओस्टेन बोलपटांचा दिग्दर्शक झाला, तोही हिंदी येत नसताना! संवाद इतरांनी सांभाळावेत, त्याने चेहरे पाहावेत. ‘अछूत कन्या’त (1936) देविकाराणींच्या मुद्रेवर कॅमेरा विसावतो, तेव्हा जुना मूकपटच पुन्हा बोलू लागतो.

या चित्रपटाची कथा निरंजन पाल यांची. फाटकवाल्याची ‘अस्पृश्य’ मुलगी कस्तुरी आणि ब्राह्मणाचा मुलगा प्रताप यांची प्रीती गावाला सोसत नाही. अखेर आगगाडी थांबवताना कस्तुरीचा अंत होतो. चित्रपट हळहळतो, संतापत मात्र नाही. गाव जिथल्या तिथे राहते.

याच 1936 साली ओस्टेन नाझी पक्षाचा सदस्य झाला. एका हाताने जन्मावरून माणूस तोडणाऱ्या रूढीची करुण कहाणी चित्रित करायची आणि दुसऱ्या हाताने रक्तशुद्धीच्या पंथात नाव घालायचे! चरित्र वेगळे, कला वेगळी, असे म्हणून हे बाजूला सारणे सोपे आहे. मला ते जमत नाही. कारण त्याचे उत्तर चित्रपटांच्या रचनेतच दिसते.

‘प्रेम संन्यास’ सुरू होतो तो युरोपीय प्रवाशांपासून. ते बोधगयेला येतात, वृद्धाकडून गौतमाची कथा ऐकतात. ‘अछूत कन्या’त मोटारीतून आलेले जोडपे रात्री रेल्वे फाटकापाशी अडते आणि कथा मागे वळते. दोन्हीकडे दुःख पाहणारा वाटसरू आहे. तो थांबतो, गहिवरतो. पण ते दुःख त्याच्या घरचे नसते. ओस्टेनची करुणा खोटी नव्हती, असे माझे मत. ती पाहुण्याची होती, इतकेच. म्युनिकच्या आपल्या अंगणात ज्यांना अस्पृश्य ठरवले जात होते, त्यांच्यापर्यंत ती पोहोचली नाही.

1939 मध्ये ‘कंगन’चे काम सुरू असताना महायुद्ध पेटले. ब्रिटिश सरकारने त्याला शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून अटकेत टाकले. सुटकेनंतर तो जर्मनीला परतला, तो पुन्हा इकडे आला नाही. 1956 मध्ये त्याचे निधन झाले. त्याचा छायाचित्रणकार जोसेफ विर्शिंग मात्र स्थानबद्धता भोगूनही इथेच राहिला आणि पुढे ‘महल’ व ‘पाकीजा’ यांच्या सावल्या त्यानेच रेखाटल्या.