रणांगणावरील बालक

इश्माएल बीआ याची ‘अ लाँग वे गॉन’ ही इंग्रजी आत्मकथा २००७ सालीं प्रसिद्ध झाली. सिएरा लिओन देशांतील यादवींत घरादाराला मुकलेल्या एका मुलाची ती कहाणी आहे. त्याच्या हातीं बंदूक दिली ती बंडखोरांनीं नव्हे, सरकारी सैन्यानें, ही गोष्ट वाचकानें ध्यानांत ठेवावी.

रणांगणावरील बालक आपल्याला अपरिचित नाहीं. कल्याणचें सार्वजनिक वाचनालय १८६४ सालचें, ठाण्याचें मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ सालचें. अशा संस्थांच्या छायेंत वाढलेल्या घरांतून पानिपताची कथा कोणीं ऐकली नाहीं? त्या कथेंतला जनकोजी शिंदे आठवावा. १७५५ सालीं नागोरास बाप मारला गेला. १० जानेवारी १७६० रोजीं बुराडी घाटावर चुलता दत्ताजी पडला आणि पंधराएक वर्षांचा जनकोजी स्वतः गोळी लागून घायाळ झाला. पुढें वर्षभरानें पानिपतावर तो शत्रूच्या हातीं सांपडून प्राणास मुकला. त्याच्या शौर्याचें कौतुक आपण पिढ्यान् पिढ्या केलें, आणि तें यथायोग्यच आहे. परंतु बुराडी आणि पानिपत यांमधल्या त्या वर्षांत या पोराला रात्रीं झोंप लागत होती काय, हा प्रश्न आपल्या ऐतिहासिक वाङ्मयाला क्वचितच पडला. सरदारपुत्र आणि आफ्रिकेंतील पोरका यांत अंतर आहे खरें. जखम मात्र दोघांचीहि कोवळ्या वयाचीच.

बीआचें पुस्तक मोलाचें ठरतें तें येथें. लढाईचीं वर्णनें भयंकर आहेत, पण तीं इतरत्रहि मिळतील. १९९६ सालीं युनिसेफच्या माणसांनीं त्याला सैन्यांतून सोडविल्यावरचीं प्रकरणें मात्र पुन्हां पुन्हां वाचावींत. हीं मुलें सेवकांना मारतात, दिलेल्या वह्या जाळतात. सेवक दुसरे दिवशीं परत येतात. झालें त्यांत तुमचा दोष नाहीं, असें कोणी म्हटलें कीं मुलाचा संताप होतो. शेवटीं एका परिचारिकेनें दिलेल्या गाण्यांच्या फितींपासून त्याचें मन हळूहळू उघडतें.

सैन्यांतला एक प्रसंग तर सुशिक्षितांनीं मुद्दाम वाचावा. ‘ज्युलिअस सीझर’ वाचणारा अधिकारी या मुलाशीं शेक्सपियरबद्दल रसिकतेनें बोलतो, आणि त्यालाच माणसें मारावयास धाडतो. चांगल्या वाचनानें माणूस आपोआप सुधारतो, या आपल्या आवडत्या समजुतीचें मग काय करावयाचें?

२००८ सालीं ‘द ऑस्ट्रेलियन’ या वृत्तपत्रानें त्याच्या सालांविषयीं आक्षेप घेतला. त्याचें सैनिकी जीवन दोन वर्षांचें नसून कांहीं महिन्यांचें असावें, असा त्याचा रोख होता. बीआनें तो नाकारला. आम्हांला खटकतात ते संवाद; अमली पदार्थांनीं झिंगलेल्या मुलाला ते इतके शब्दशः कसे आठवले? तथापि महिन्यांचा हिशेब चुकला म्हणून बंदूक हलकी होत नाहीं.

हा विषय दूरदेशीचा म्हणूनहि टाळतां येत नाहीं. मध्य भारतांतील नक्षलवाद्यांच्या बालपथकांचा उल्लेख संयुक्त राष्ट्रांच्या अहवालांत आला आहे. आपल्या २०१५ च्या बालन्याय कायद्यानें अशी भरती करणाऱ्यास सात वर्षांपर्यंत सक्तमजुरी ठेविली. परतलेल्या मुलाला सांभाळणाऱ्या माणसांची सोय मात्र कोणत्याहि शिक्षेच्या कलमांत बसत नाहीं.

पुस्तकाच्या अखेरीस गांवांतली एक कूटकथा येते. माकड शिकाऱ्याला म्हणतें, गोळी झाडलीस तर आई मरेल, न झाडलीस तर बाप मरेल. लहानपणीं या मुलाला उत्तर सुचलें होतें, पण आईला काय वाटेल म्हणून त्यानें तें कधीं बोलून दाखविलें नाहीं.