‘रमलखुणा’तील प्रवासी : स्वप्नभूमी आणि नियती

जी. ए. कुलकर्णी (१९२३-१९८७) यांच्या ‘रमलखुणा’ (१९७५) या संग्रहात ‘प्रवासी’ व ‘इस्किलार’ या दोन दीर्घकथा आहेत. दोहोंतील नायक अनोळखी प्रदेशात एकटा फिरतो. या प्रदेशाला भूगोलात स्थान नाही. तरीही त्यातील वाटा आणि माणसे स्वप्नातल्याप्रमाणे ठळक असल्याने वाचकाच्या मनात त्याचा नकाशा उमटत जातो.

जी.एं.ना ‘नियतिवादी’ ठरवून विवेचन संपविण्याची प्रथा मराठी समीक्षेत रूढ आहे. शीर्षकही तेच सुचविते. रमल म्हणजे फासे टाकून भविष्य सांगण्याची विद्या. परंतु खुणा कोणीतरी वाचाव्या लागतात. जी.एं.चा प्रवासी त्यांचा अर्थ शोधत चालत राहतो. शेवट नियतीच्या हाती असला, तरी शोध त्याचा स्वतःचा असतो.

यवतमाळ जिल्ह्यातील वर्गात हा भेद केवळ सैद्धान्तिक राहत नाही. कापूस उत्पादकांच्या आत्महत्यांमुळे हा जिल्हा देशभर चर्चेत आला. येथील विद्यार्थी ‘नियती’ हा शब्द परीक्षेपुरता ऐकत नाही. नापिकी, कर्ज व पडलेले भाव यांना कारणे असतात. त्यांना नियती म्हणणे म्हणजे जबाबदारी पुसून टाकणे होय.

या दोन कथांत अशा सामाजिक कारणांचा शोध नाही, ही मर्यादा मान्य केली पाहिजे. म्हणूनच अध्यापकाने त्यांतून शरणागती न शिकविता प्रवाशाची शोधवृत्ती पुढे ठेवावी, असा निष्कर्ष येथे निघतो.