माध्यमांतराची नीती : तपन सिन्हा यांच्या चित्रपटांविषयी

बंगाली चित्रपटाची चर्चा सुरू झाली की सत्यजित राय, ऋत्विक घटक आणि मृणाल सेन ही नावे ओघानेच येतात. त्यांचेच समकालीन तपन सिन्हा (१९२४–२००९) यांना २००६ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार लाभला. तरीही बंगालबाहेरच्या समीक्षेत त्यांचा विचार क्वचितच झाला. 'बावर्ची' (१९७२) मराठी प्रेक्षकाच्या परिचयाचा आहे. तो सिन्हांच्या 'गल्प होलेओ सत्यि' (१९६६) या चित्रपटावर आधारलेला आहे, हे मात्र सहसा लक्षात घेतले जात नाही. दिग्दर्शकाची थोरवी त्याच्या एकसंध, ओळखू येणाऱ्या शैलीवर मोजण्याची जी पद्धत रूढ झाली, तीत सिन्हांचे अष्टपैलुत्व ही उणीव ठरते. तौलनिक साहित्याच्या अभ्यासकाने हा निकषच तपासून पाहणे आवश्यक आहे.

पदार्थविज्ञानाचे शिक्षण घेऊन न्यू थिएटर्समध्ये ध्वनिमुद्रणाच्या कामापासून सुरुवात करणाऱ्या सिन्हांनी रवींद्रनाथांच्या कथेवर 'क्षुधित पाषाण' (१९६०) केला. लगेच १९६१ मध्ये आलेला 'झिंदेर बंदी' शरदिंदु बंद्योपाध्याय यांच्या कादंबरीवरचा आणि ती कादंबरी अँथनी होपच्या 'प्रिझनर ऑफ झेंडा'चे देशी रूपांतर. पुढच्याच वर्षी ताराशंकरांच्या 'हाँसुली बाँकेर उपकथा'मधील काहार समाजाची कहाणी त्यांनी पडद्यावर आणली. गूढकथा, साहसकथा आणि समूहकथा या तीन कुळांतील संहितांवर एकच शैली लादली असती, तर सिन्हांची मुद्रा ठळक झाली असती. संहितांची मात्र पुसली गेली असती.

ही वृत्ती म्हणजे मूळ कृतीची दासवत नक्कल नव्हे. 'काबुलीवाला' (१९५७) या चित्रपटाचे उदाहरण पाहावे. रवींद्रनाथांच्या कथेत रहमत आपल्याला भेटतो तो मिनीच्या वडिलांच्या निवेदनातून. एका सुशिक्षित गृहस्थाला परक्या फेरीवाल्यात स्वतःसारखाच बाप दिसणे, हा तिचा गाभा आहे. चित्रपटात छबि विश्वासांचा रहमत निवेदकाच्या मध्यस्थीवाचून समोर येतो. त्यामुळे कथेत निवेदकाला होणारा साक्षात्कार इथे प्रेक्षकाला स्वतःच घ्यावा लागतो. आशय तोच राहतो. त्याचे दायित्व दुसऱ्याकडे जाते.

'एक डॉक्टर की मौत' (१९९०) या हिंदी चित्रपटात हा प्रश्न अधिक बिकट होतो. रमापद चौधुरी यांच्या 'अभिमन्यु' या कादंबरीवर आधारलेल्या या कृतीमागे डॉ. सुभाष मुखोपाध्याय यांचे जीवन आहे. १९७८ मध्ये भारतातील पहिल्या परीक्षानलिका-बालकाचा जन्म त्यांच्या संशोधनातून झाला. अधिकृत अवहेलनेनंतर १९८१ मध्ये त्यांनी आत्महत्या केली. चित्रपटात संशोधन कुष्ठरोगावरील लसीचे आहे आणि त्यातील डॉक्टर मरत नाही. श्रेय हिरावले गेल्यावर तो परदेशी जाण्याचा निर्णय घेतो. मग शीर्षकातील 'मौत' कोणाची? देशाने गमावलेल्या संशोधकाची. आत्महत्या दाखवली असती तर प्रेक्षक शोक करून मोकळा झाला असता. डॉक्टर जिवंत राहिल्याने त्याला ती मोकळीक मिळत नाही.

सिन्हांच्या मर्यादाही नोंदवायला हव्यात. व्यवस्थेचे प्रश्न अखेर एका सचोटीच्या माणसाच्या कसोटीवर आणून ठेवण्याकडे त्यांचा कल आहे. 'हाटे बाजारे' (१९६७) मधील सेवाभावी डॉक्टर आणि 'सगिना महातो' (१९७०) मधील कामगार-पुढारी हे त्याचे दाखले होत. संघर्षाचे सामाजिक रूप त्यामुळे काहीसे बोथट होते.

तरीही मूळ प्रश्न उरतोच. अनुवादकाने प्रत्येक लेखकासाठी वेगळी भाषा घडवली तर आपण त्याला शैलीहीन म्हणत नाही. मामा वरेरकरांच्या अनुवादांतून शरच्चंद्र वाचलेल्या मराठी वाचकाला हे वेगळे सांगायला नको. अनुवादकाला दिलेला हा न्याय चित्रपटकाराला नाकारण्याचे कारण समीक्षेपाशी आहे काय? ते नसेल, तर सिन्हांचे दुय्यम स्थान हा त्यांच्या कलेचा नव्हे, आपल्या निकषांचा दोष ठरतो.