युद्धाचा खर्च कोणाच्या नावावर?

इमॅन्युएल कांटची 'शाश्वत शांतता' ही छोटी पुस्तिका १७९५ साली प्रसिद्ध झाली. त्याच वर्षी मार्च महिन्यात खर्ड्याला मराठ्यांनी निजामाचा पराभव केला, आणि एप्रिलमध्ये लंडनला वॉरन हेस्टिंग्ज सात वर्षे चाललेल्या महाभियोगातून निर्दोष सुटला. या तीन घटनांचा परस्परांशी थेट संबंध नाही. तरी पुस्तिका वाचताना मला त्या एकत्र आठवतात, कारण कांटच्या मजकुरात हिंदुस्थान आहे. वखारी घालण्याच्या निमित्ताने परकी फौजा तिथे आणल्या गेल्या आणि त्यांच्या पाठोपाठ रयतेवर जुलूम, राज्याराज्यांत युद्धे आणि दुष्काळ आले, असे तो सांगतो. कोनिग्सबर्ग सोडून फारसा कुठे न गेलेल्या या तत्त्वज्ञाला आपल्याकडे काय चालले आहे याची कल्पना होती. त्याच्या नंतरच्या वाचकांना मात्र या परिच्छेदाचा सहसा विसर पडतो.

पुस्तिकेतले सर्वांत गाजलेले कलम आहे ते राज्यव्यवस्थेचे. प्रत्येक राज्याची घटना प्रजासत्ताक असावी, असे कांट म्हणतो. त्याचे कारण साधे आणि जवळजवळ व्यवहारी आहे. युद्ध करायचे की नाही हे नागरिकांना विचारावे लागले, तर ते दहा वेळा विचार करतील; कारण लढायचे त्यांना, पैसे मोजायचे त्यांना, उद्ध्वस्त झालेले पुन्हा उभारायचे त्यांना आणि मागे राहिलेले कर्जही त्यांनाच फेडायचे. राजाचे तसे नसते. युद्धामुळे त्याच्या मेजवान्या आणि शिकारी थांबत नाहीत. ज्याला कांट 'लोकशाही' म्हणतो तिच्याबद्दल त्याचे मत चांगले नव्हते, हे खरे. पण प्रतिनिधींचे राज्य आणि अधिकारांची विभागणी हे त्याचे निकष आजच्या लोकशाहीला लागू पडतात, म्हणून तिचे समर्थक त्याला आपला मानतात.

१९८३ मध्ये मायकेल डॉइल या अमेरिकन अभ्यासकाने हा धागा पुन्हा उचलला. उदारमतवादी राज्ये आपापसांत युद्ध करत नाहीत, हे त्याचे निरीक्षण पुढे 'लोकशाही शांतता' या नावाने गाजले. त्याच्या मांडणीचा दुसरा भाग मात्र राजकारणी लोकांच्या भाषणांत क्वचितच येतो. हीच राज्ये उदारमतवादी नसलेल्या राज्यांशी वागताना तितकी संयमी राहत नाहीत, उलट पुष्कळदा आक्रमक होतात, हेही डॉइलने त्याच लेखात सांगितले आहे.

असे का व्हावे? माझ्या मते उत्तर कांटच्याच पुस्तिकेत आहे, पण ते सगळे उद्धृत करतात त्या कलमात नाही. पुस्तिकेची रचना तहनाम्यासारखी आहे. आधी सहा प्राथमिक कलमे आणि मग तीन निश्चित कलमे. प्राथमिक कलमांपैकी तिसरे म्हणते की खडी सैन्ये कालांतराने बंद व्हावीत. मारण्या-मरण्यासाठी माणसे पगारावर ठेवणे म्हणजे त्यांना यंत्र करणे. चौथे म्हणते की परराष्ट्रांशी झगडण्यासाठी राष्ट्रीय कर्ज काढू नये. पाचवे म्हणते की दुसऱ्या राज्याच्या घटनेत आणि कारभारात बळाने ढवळाढवळ करू नये. सहावे युद्धातल्या वर्तनाचे आहे. पुढे तह करायला लागणारा विश्वासच नष्ट होईल असे मारेकरी घालणे, विषप्रयोग, शरणागतीच्या अटी मोडणे हे प्रकार त्यात निषिद्ध ठरवले आहेत.

तिसरे आणि चौथे कलम शेजारी ठेवून वाचले की प्रजासत्ताकाच्या युक्तिवादाचा पाया दिसतो. निर्णय घेणारा आणि किंमत मोजणारा एकच असेल, तरच तो दहा वेळा विचार करील. पगारी सैन्य आले की रक्ताची किंमत दुसऱ्यावर जाते; कर्ज आले की पैशाची किंमत पुढच्या पिढीवर जाते. मग राज्य प्रजासत्ताक असूनही नागरिक राजासारखे होतात आणि त्यांच्या मेजवान्या चालू राहतात. आपण लोकशाहीचे कलम उचलले आणि तिला लगाम घालणारी ही दोन कलमे मागे ठेवली, हा माझा कांटच्या आधुनिक वाचकांवरचा मुख्य आक्षेप आहे.

या आक्षेपाची कसोटी आपल्याच इतिहासात घेता येते. १७८४ च्या पिट्स इंडिया अॅक्टमध्ये ब्रिटिश पार्लमेंटने एक असाधारण घोषणा केली: हिंदुस्थानात विजय मिळवत राज्य वाढवणे हे आपल्या राष्ट्राच्या इच्छेला, प्रतिष्ठेला आणि धोरणाला सोडून आहे. संचालकांच्या किंवा त्यांच्या गुप्त समितीच्या स्पष्ट आज्ञेशिवाय गव्हर्नर जनरलने युद्ध पुकारू नये, असे बंधनही घातले. अपवाद ठेवला तो कंपनीवर किंवा कंपनीने तहाने संरक्षणाची हमी दिलेल्या राज्यावर हल्ला झाल्यास, अथवा तशी तयारी चालू असल्यास. तेव्हाचे पार्लमेंट आजच्या अर्थाने लोकशाही नव्हते, मताधिकार मूठभरांना होता. तरी ते प्रतिनिधींचे राज्य होते, आणि त्याने युद्धाला कायद्याने वेसण घातली होती.

पुढे काय झाले ते आपण जाणतो. ऑक्टोबर १८०२ मध्ये हडपसरच्या लढाईत यशवंतराव होळकरांनी पेशव्यांच्या आणि शिंद्यांच्या फौजेचा पराभव केला. दुसरा बाजीराव वसईला गेला आणि ३१ डिसेंबरला त्याने तहावर सही केली. तैनाती फौज आली, तिच्या खर्चासाठी २६ लाखांचा मुलूख गेला, आणि पेशवे कंपनीचे 'संरक्षित' झाले. १७८४ च्या कायद्याशेजारी हा तह ठेवून पाहा. कायद्यातला अपवाद आता एका संपूर्ण राज्याएवढा रुंद झाला होता. दौलतराव शिंदे आणि रघूजी भोसले यांच्याशी ऑगस्ट १८०३ मध्ये जे युद्ध सुरू झाले, ते कागदावर राज्यविस्ताराचे युद्ध नव्हते, मित्राच्या संरक्षणाचे होते. अहमदनगर, असई, आडगाव, गाविलगड. आणि डिसेंबरअखेर देवगाव व सुर्जी-अंजनगावचे तह. बोर्ड ऑफ कंट्रोलचा अध्यक्ष कॅसलरे याने वसईच्या तहावर आपल्या लेखी शंका १८०४ मध्ये मांडल्या. तोवर त्या दोघांशी चाललेले युद्ध संपलेले होते.

कायदा मोडला गेला, असे यावरून म्हणता येईल. मला ते पुरेसे वाटत नाही. कायद्याने युद्ध थांबवले नाही, पण त्याचा आकार ठरवला. लॉर्ड वेलस्लीला लंडनमध्ये उत्तर द्यावे लागणार नसते, तर वसईच्या तहाची एवढी गरजही पडली नसती. किंमत मोजणारे कोण होते, तेही पाहावे. असईला लढलेल्या कंपनीच्या फौजेत मोठा भाग मद्रासच्या शिपायांचा होता. तैनाती फौजेचा खर्च ज्याच्या गळ्यात ती पडली त्याच्याकडून निघत होता. दख्खनच्या गावांनी आधी होळकरांच्या स्वाऱ्या सोसल्या, मग सैन्यांची ये-जा, आणि १८०३-०४ चा दुष्काळ. यांपैकी कोणालाही पार्लमेंटात मत नव्हते.

पण कांटचा युक्तिवाद अगदीच फुकट गेला असेही नाही. होळकरांशी युद्ध लांबले, भरतपूरचा किल्ला पडेना आणि कंपनीचे कर्ज फुगत चालले, तेव्हा लंडनला जाग आली. १८०५ मध्ये वेलस्लीच्या जागी कॉर्नवॉलिस आला आणि धोरण आखडते घेतले गेले. पुढे पार्लमेंटात वेलस्लीवर आरोप ठेवण्याचे प्रयत्न झाले, त्यांतून काही निष्पन्न झाले नाही. म्हणजे लगाम बसला, पण तो मेलेल्यांच्या संख्येमुळे बसला नाही. खर्चाचा आकडा ज्यांच्या वहीत दिसू लागला, त्यांनी तो ओढला.

दोनशे वर्षांनी त्याच पार्लमेंटपुढे इराकचा प्रश्न आला. ७ मार्च २००३ रोजी अॅटर्नी जनरलने पंतप्रधानांना दिलेला सविस्तर सल्ला पुष्कळ जर-तरचा होता. १७ मार्चला पार्लमेंटपुढे आलेले त्याचे मत त्रोटक आणि निःशंक होते. दुसऱ्या दिवशी सभागृहाने ४१२ विरुद्ध १४९ मतांनी युद्धाला संमती दिली. अमेरिकेत सक्तीची सैन्यभरती १९७३ मध्येच संपली होती, आणि २००१ नंतरची युद्धे बव्हंशी कर्जावर चालली. युद्ध चालू असताना तिथे कर कमी करण्यात आले. कांटच्या तिसऱ्या-चौथ्या कलमांच्या नेमके उलटे. २००२ मध्ये तिथल्या न्याय खात्यातील वकिलांनी छळाची व्याख्या इतकी अरुंद केली की बरेचसे छळ तिच्याबाहेर राहावेत. वसईच्या तहासारखेच इथेही बंधन रद्द झाले नाही, त्यातली पळवाट तेवढी मोठी केली गेली.

यावर कोणी विचारील, मग हुकूमशहा आणि लोकशाही यांत फरक काय? फरक आहे, आणि तो किरकोळ नाही. हुकूमशहाला असा कागद लागत नाही. लोकशाहीला लागतो, आणि कागद मागे उरतो. ७ मार्चचा सल्ला २००५ मध्ये उघड झाला. छळासंबंधीचा मसुदा २००४ मध्ये फुटला आणि मागे घ्यावा लागला. २००६ मध्ये हमदान खटल्यात अमेरिकन सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की जिनिव्हा करारांचे सामाईक तिसरे कलम अल् कायदाविरुद्धच्या लढाईतल्या बंदिवानालाही लागू आहे. याचिका करणारा येमेनी होता. तो अमेरिकेचा मतदार नव्हता, करदाताही नव्हता. किंमत मोजणाऱ्याला उत्तर देण्यासाठी उभारलेल्या व्यवस्थेत एका परक्याला उत्तर मिळाले, ही गोष्ट कांटच्या हिशेबात बसत नाही. काही महिन्यांतच काँग्रेसने नवा कायदा करून त्या निकालाची धार बरीच बोथट केली, हे मात्र त्या हिशेबात अचूक बसते. निवडून आलेल्यांना आपल्या मतदाराची भीती असते. बंदिवानाची नसते.

म्हणून लोकशाही आंतरराष्ट्रीय कायदा घडवते, या विधानाला मी एक पुरवणी जोडीन. ज्यांना उत्तर द्यावे लागते त्यांच्यापुरताच ती तो आपणहून घडवते. त्यापलीकडे तो न्यायालयाला, वार्ताहराला किंवा एखाद्या हट्टी वकिलाला ओढत न्यावा लागतो. १९९८ मध्ये रोमला आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाचा करार १२० मतांनी संमत झाला, तेव्हा विरोधी सात मतांत अमेरिका होती आणि तटस्थांत भारत होता. आपले आक्षेप तपशिलाचे असतील, काही रास्तही असतील. पण लोकशाही असणे म्हणजे आपोआप या कायद्याच्या बाजूने असणे, हा समज त्या मतदानाने उरू दिला नाही.

आपल्या राज्यघटनेत युद्धापूर्वी संसदेची संमती घेतलीच पाहिजे असे कलम नाही. तरी १९६२ मध्ये युद्ध चालू असताना, ८ नोव्हेंबरला, संसदेचे अधिवेशन भरले आणि उघड चर्चा झाली, ही आपल्या लोकशाहीच्या खात्यावरची मोठी जमा आहे. त्याच युद्धातल्या चुकांची चौकशी करणारा हेंडरसन ब्रूक्स अहवाल सरकारने अद्याप अधिकृतपणे प्रसिद्ध केलेला नाही, ही नावे बाजू. लोकशाहीचा युद्धावरचा खरा अंकुश मागे उरणाऱ्या कागदात असेल, तर तो कागद कपाटात ठेवणे म्हणजे अंकुशच कपाटात ठेवणे होय.

कांटची पुस्तिका शाळा-कॉलेजांत शिकवताना प्रजासत्ताकाच्या कलमापासून सुरुवात करण्याची रीत आहे. मी ती तिसऱ्या आणि चौथ्या प्राथमिक कलमापासून शिकवावी, असे सुचवीन. पुढचे युद्ध कोणत्याही देशाने पुकारले, तरी आधी विचारायचा प्रश्न तिथे सापडतो: याचा खर्च कोणाच्या नावावर पडणार आहे, आणि त्याला कोणी विचारले आहे का?